दिंडांच्या चाळणीवरचे डोहाळे

मी सुगंधाबाईंची चाळणी बोलतेय. जर्मनची, म्हणजे अॅल्युमिनियमची, हलकी, काठाला जरा पोचा आलेली. पाथरीच्या बाजारात त्यांनी मला उन्हासमोर धरलं आणि माझ्या भोकांतून आभाळ बघत बसल्या. तेव्हाच वाटलं, ही बाई आपली.

पालमजवळच्या त्यांच्या घरात पीठ मी कधी चाळलं नाही. माझं काम वाफेचं. नागपंचमीला चिरायचं नाही, तळायचं नाही, म्हणून पुरणाचे दिंड माझ्यावर उकडायचे. खाली पाणी खदखदायला लागलं की मला गुंगी येते. माणसांचं बोलणं लांबून, पाण्याखालून आल्यासारखं ऐकू येतं. त्या गुंगीत मी लय सुखात असते.

मग त्यांचा योगीराज लग्न करून आला. फौजेतला पोरगा, नेमणूक सिक्कीमला. बायको तिकडचीच, पेमा. पेमाला दिवस गेले आणि तो परत ड्युटीवर गेला.

तिच्या पोटात अन्नच ठरेना. भाकरीच्या वासानं उलटी, पेज दिली तरी उलटी. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, असंच चाललं तर बाळाला धोका आहे. सुगंधाबाई तिच्या उशाशी बसल्या.

"बाई, तुला खावं तरी काय वाटायलंय? डोहाळे हायत, लाजायचं न्हाई."

पेमानं भिंतीकडं तोंड फिरवलं. मग चोरी केल्यासारखी म्हणाली, "आई, मोमो. डुकराच्या मासाचे. तोफू घालून. माझी आई करते."

सुगंधाबाईंच्या गळ्यात तुळशीची माळ. या घरात कधी अंडंसुद्धा शिजलेलं नाही.

शेजारच्या नर्मदाबाईंना कळलंच. "माळकरणीच्या घरात डुक्कर? हे कसले गं डोहाळे?"

"डोहाळे काय माळ बघून लागत्यात व्हय?" सुगंधाबाई म्हणाल्या.

त्यांचे मालक रामकिशन एसटीनं परभणीला गेले आणि डब्यात मास घेऊन आले. डब्यावर मेथीच्या जुड्या रचलेल्या, कुणी विचारायला नको. तोफू घरच्याच सोयाबीनचा. भिजवून, वाटून, फडक्यातून गाळून पेमानं ते दूध उकळलं आणि लिंबू पिळून फाडलं. फडक्यात दाबलेली ती पांढरी वडी बघून सुगंधाबाई थक्क झाल्या. "इतकी वर्षं नुसतं अडतीवर घालतोय हे. खाता बी येतंय म्हना की!"

अंगणात तीन दगडांची चूल मांडली. मला खिळ्यावरून काढताना सुगंधाबाईंचा हात थबकला. मासाला लागलेलं भांडं परत आत येत नाही, हे आम्हा दोघींनाही ठाऊक होतं. त्यांनी मला पेमाच्या हातात दिलं. वाईट वाटलं मला, खोटं कशाला बोलू.

पेमानं खिमा, तोफू, आलं, पातीचा कांदा कालवून पाऱ्या भरल्या. सुगंधाबाई मासाला न शिवता जाळ घालत होत्या.

"दिंडाला कुठं एवढ्या चुण्या असत्यात गं?"

पेमा हसली. त्या घरात तिचं हसणं मी पहिल्यांदा ऐकलं.

वाफ आली. वेगळीच वाफ, आल्याची, चरबीची. मी डोंगर कधी पाहिलेला नाही, पण त्या गुंगीत वाटलं, आपण डोंगरावर ढगात बसलोय आणि खाली कुणीतरी पेमाला जेवायला हाक मारतंय.

झाकण निघालं. पहिलं वाफवलेलं देवाला, ही सुगंधाबाईंच्या बोटांची सवय. त्यांनी पहिला मोमो उचलून वाटीत ठेवला आणि तशाच देवघराकडे निघाल्या. उंबरठ्यावर ध्यानात आलं. पाय आत टाकवेना, बाहेर काढवेना. कुंपणापलीकडून नर्मदाबाई बघत होत्या.

सुगंधाबाई वळल्या. पेमासमोर बसल्या, मोमोवर फुंकर घातली आणि तो तिच्या ओठांशी नेला.

"खा, माय. सध्या देव तुझ्याच पोटात हाय."

पेमानं रडत रडत खाल्लं. आम्ही सगळे श्वास धरून उलटीची वाट बघत राहिलो. ती आली नाही. पेमानं दुसरा मागितला.

आता मी अंगणातल्या मेखेला असते. नागपंचमीला आत नवी चाळणी आली. दिंडांचा वास बाहेरपर्यंत येतो, तेव्हा जीव तुटतो माझा. तरी एक मागणं आहे. चिंचेनं घासून, पाणी शिंपडून मला कुणी परत आत नेऊ नका. इथं माझ्यावरचं खाऊन लांबून आलेली एक पोर जेवतेय.