काळं करडू, पांढरं करडू

पुंडलिकराव वकिलांना स्वस्थ बसवत नसे. वर्ध्याच्या सेशन कोर्टात सरकारी वकील बोलत असले की ते गाऊनची गाठ सोडत, बांधत, पुन्हा सोडत. घरी जेवताना तांब्याची जागा चारदा बदलत. उरलेल्या वेळात कादंबरी लिहीत. सहा वर्षांत तिची नऊ पानं झाली होती, कारण सगळा माल साक्षीदारांवर खर्च होई.

साक्षीदार पढवायची त्यांची रीत ठरलेली होती. प्रत्येकाच्या तोंडी एक बिनकामाचा बारीक तपशील घालायचा. "खोटारडा वेळ सांगतो. खरा माणूस त्या वेळी नाकावर बसलेली माशी सांगतो," असं ते म्हणत. त्यांच्या माशांवर दोन खुनी सुटले होते.

१९५४च्या माघात हिंगणघाटच्या एका जिनात, सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाची गंजी भरदुपारी पेटली. दोनच दिवस आधी आंजीच्या गोमाजीनं तिथल्या मापाड्याला चारचौघांत "पेटवून देतो तुमचं जिन" म्हटलं होतं. पोलिसांनी पुढे शोधायची तसदी घेतली नाही. सात वर्षं तुरुंगात जातील असं सगळे म्हणत होते, आणि गोमाजीच्या बायकोला, रुखमाला, पाचवा महिना होता.

"मी तवा आंजीतच होतो, वकीलसाहेब," गोमाजी म्हणाला. "पटवाऱ्याच्या दारात बसलतो. जमिनीची नक्कल पाह्यजे होती."

"मग काय झालं?"

"काई नाई. बसलतो."

"अरे, पण काही घडलं असेल!"

"पटवारी जेवला. मंग झोपला. मंग उठला."

इथं पुंडलिकराव येरझाऱ्या घालायला लागले. त्यामुळे दिवेलागणीला नक्कल मिळाली आणि रजिस्टरात अंगठा लावला, हे गोमाजीनं सांगितलं ते त्यांनी ऐकलंच नाही.

"हे चालणार नाही. जज्जसाहेब घोरतील," ते म्हणाले आणि गोमाजीच्या विधवा बहिणीकडे, शकुबाईकडे, वळले. "ऐका. त्या दुपारी तुमची शेळी अडली होती. गोमाजीनं सोडवली. दोन करडं. एक पांढरं, एक काळं. काळ्याच्या कपाळावर अर्धा चंद्र."

"पण आमच्याकडे शेळीच नाई, साहेब."

"नसू दे. चंद्र विसरू नका."

चैत्रात साक्ष झाली. शकुबाई अशी बोलली की पट्टेवाल्यानं डोळे पुसले. मग सरकारी वकील बापूराव उठले. त्यांच्या घरी शेळ्यांचा कळप होता.

"बाई, करडं कुठं आहेत आता?"

हे शिकवलेलं नव्हतं. "घरीच हायेत," शकुबाई म्हणाली. "दूध पिऊन राह्यले."

"उद्या आणा," जज्जसाहेब म्हणाले. त्यांनाही चंद्र बघायचा होता.

वकिलांचा मुन्शी घनश्याम दुपारभर गावोगाव हिंडला. एकाच शेळीची एक काळं आणि एक पांढरं अशी करडं, त्यातही चंद्रासकट, कुठंच मिळेनात. त्यानं शेळी सावंगीहून आणली, काळं करडू एका गावाहून, पांढरं दुसऱ्याच. वर्णनाशी तंतोतंत. पुंडलिकराव हरखले. त्यांचं लिखाण इतकं मनावर आजवर कोणी घेतलं नव्हतं.

सकाळी कोर्टाच्या आवारात, कडुनिंबाखाली, बापूरावांनी करडं सोडली. काळं शेळीच्या कासेकडे धावलं. शेळीनं हुंगलं आणि शिंगानं भिरकावलं. पांढऱ्याला तर हुंगलंही नाही, सरळ लाथ.

"प्रवासानं दमली असेल," पुंडलिकराव म्हणाले.

"वकीलसाहेब," बापूराव म्हणाले, "शेळी परक्या पिलाला पाजत नाही. हे इथं एक माणूस सोडून सगळ्यांना ठाऊक आहे."

बेड्या सावरत गोमाजी पुटपुटला, "मी सांगून राह्यलतो ना, अंगठा…"

"कसला अंगठा?"

"पटवाऱ्याच्या रजिस्टरातला."

पुंडलिकराव उभे राहिले. नुसते उभे. हात गाऊनकडे गेला नाही. आता रजिस्टर मागितलं, तरी ज्याच्या बहिणीनं शपथेवर नसलेली शेळी व्यायला लावली त्याच्यावर विश्वास कोण ठेवणार? शेळी कुणाची ते आधी सांगावं लागणार होतं, आणि ते सांगितलं की वकिलीची सनद गेली.

"हुजूर," ते म्हणाले, "शेळी माझी आहे. म्हणजे मी रचली. बाईनं पाठ म्हटलं. खरी हकीकत फार कंटाळवाणी आहे."

रजिस्टर आलं. अंगठा जुळला. गोमाजीला दिवसभर दारात बसवलं होतं का, असं विचारल्यावर पटवारी छाती काढून म्हणाला, "दिवसभर!" जज्जसाहेबांना दोनदा डुलकी लागली, आणि गोमाजी सुटला. शकुबाईला ताकीद मिळाली. पुंडलिकरावांची सनद गेली.

मग कादंबरी भराभर झाली. तीन वर्षांनी छापील प्रत घेऊन ते आंजीला गेले आणि गोमाजीच्या ओट्यावर मोठ्यानं वाचू लागले. एक माणूस पटवाऱ्याच्या दारात बसलेला. पटवारी जेवतो. पटवारी झोपतो. शब्द न् शब्द खरा, बिनमाशीचा. साठाव्या पानापर्यंत पुंडलिकराव हललेसुद्धा नव्हते.

गोमाजीनं मांडीवरची पोर या गुडघ्यावरून त्या गुडघ्यावर घेतली. चिलीम भरली, विझवली. उठला, बसला.

"वकीलसाहेब," तो शेवटी म्हणाला, "राग नोका मानू. पण यात एखादी शेळी टाकता नाई येत का?"