पाळतीवरचे सासरे

माझे सासरे आयुष्यभर गुप्तहेर खात्यात होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी घराकडे लक्ष वळवलं. बाळ सांभाळायला आलेल्या पहिल्या बाईची उलटतपासणी घेतली, दुसरीच्या मागोमाग तिच्या घरापर्यंत गेले. दुसरी जाताना म्हणाली, "ताई, बाळ गोड आहे हो, पण म्हातारा शेपटासारखा मागे येतो." त्यामुळे एका सिनेमावाल्याने त्यांना सल्लागार म्हणून बोलावलं, तेव्हा सगळ्यात जास्त आनंद मला झाला. बाबा शूटिंगवर, तिसरी बाई घरात निर्धास्त आणि मी माझ्या कामावर.

रविवारी तिसरीला सुट्टी. बाबा म्हणाले, "चल, माझा रुबाब बघ." मी बाळाची गाडी घेऊन त्यांच्याबरोबर गेले.

रुबाब कसला! खोट्या स्टेशनावर हिरो काळा चष्मा लावून, कॉलर ताठ करून उभा होता.

"हा पाळत ठेवतोय की बोहल्यावर चढतोय?" बाबा गरजले. "हेर दिसता कामा नये!"

दिग्दर्शक माझ्याहून लहानच असेल. "आजोबा, लोक तिकीट काढून येतात. काहीच दिसायचं नसेल, तर पडदा काळाच ठेवतो!"

सगळे फिदीफिदी हसले. बाबांचे कान लाल झाले.

"आज दिवसभर तुझ्याच मागावर राहतो. इथल्या एकाने जरी ओळखलं, तरी उद्यापासून घरी बसेन."

"शब्द?"

"शब्द."

घरी बसेन म्हणे! तिसरी बाई तरी किती दिवस टिकणार?

बाबा दाराबाहेर गेले ते गेलेच. बाकीचे थोडा वेळ खांबांमागे डोकावले, मग विसरले. मी मात्र नजर हलवली नाही. बाळ सोबत असलं की मी सगळंच बघते: कोण खोकतंय, कुठली वायर लोंबतेय, कोण हात न धुता गाल ओढायला येतंय. त्यातच एक झाडूवाला दिसला. डोक्यावर टोपी, मफलर नाकापर्यंत. झाडू त्याने छत्रीसारखा धरला होता आणि कचरा एका कोपऱ्यातून दुसऱ्यात नेऊन परत आणत होता. घरात ज्यांनी जन्मात केर काढला नाही, ते असाच काढणार!

दिग्दर्शक माझ्या शेजारी येऊन टेकला. "वहिनी, तुम्ही घरच्या. खरं सांगा, दिसले का आजोबा?"

झाडूवाला त्याच्या पायाशीच होता. दिग्दर्शकाने न बघता पाय वर उचलले, खालून झाडू फिरला.

"छे हो," मी बाळाचं टोपडं नीट करत म्हटलं. "लाजून घरी गेले असतील."

संध्याकाळी मफलर उतरला तेव्हा दिग्दर्शकाने कोपरापासून हात जोडले. "उद्या वेळेवर या, आजोबा. हिरोचा चष्मा काढतो."

परतताना टॅक्सीत बाबा छाती फुगवून बसले होते. "कुणाला सुगावा नाही! एवढी माणसं, पण एकाचाही डोळा उघडा नाही!"

मी बाळाचं टोपडं पुन्हा नीट केलं. त्यांचा आवाज उतरला.

"तू कधी ओळखलंस?"

"झाडू धरलात तेव्हाच."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही घरी बसलात तर तिसरीही पळेल, बाबा."

ते वळून माझ्याकडे बघायला लागले, अगदी त्या पहिल्या बाईकडे बघायचे तसे.

"पापणीसुद्धा लवली नाही तुझी," ते म्हणाले. "लग्न होऊन आल्यापासून आम्हाला काय काय सांगितलंयस, ते आता सगळं पुन्हा तपासायला हवं."