वाटणीची सुई

या, असे जरा पुढे सरकून बसा. दारात उभं राहून ऐकायची ही गोष्ट नव्हे. गोष्ट सुयांची आहे, नशेसाठी टोचून घ्यायच्या सुयांची. ज्यांना नाक मुरडायचंय त्यांनी आत्ताच मुरडून घ्यावं, म्हणजे मध्येच खोळंबा नको. दंडावरचे डाग बघून देव कुणाला आपल्या दारातून हाकलत नाही, मग आपण कोण लागून गेलो? एका भल्या बाईने एका खरं बोलणाऱ्या मुलीला खोटं पाडलं, आणि मग तिला शोधता शोधता बाईच्या नाकी नऊ आले, ते तुम्हाला सांगतो.

दवाखान्याच्या मागच्या अंगाला, रिकाम्या खोक्यांची चळत आणि गंजलेल्या खाटा पडून असत तिथे, एक खिडकी होती. खिडकीला जाळी, जाळीला हात जाईल एवढी फट, फटीखाली पिवळा डबा. जुनी सुई डब्यात टाकायची, पाकिटातली नवी घेऊन जायची. एकाला एक. उपदेश नाही, नावगाव नाही. नशा सुटेल तेव्हा सुटेल. तोवर एकाच्या रक्तातला आजार दुसऱ्याच्या अंगात जाऊ नये, एवढंच त्या खिडकीचं काम. आत बसायची एक परिचारिका. पूर्वी वॉर्डात तिने तरणीताठी माणसं पिवळी पडून जाताना पाहिली होती, म्हणून कुणाला नको असलेली ही जागा तिने मागून घेतली. खिडकीवर येणारे सगळे तिला ताई म्हणत. तिच्या बापाच्या वयाचेसुद्धा.

घरी मात्र तिचं कौतुक वेगळ्याच तऱ्हेने व्हायचं. सासूबाई म्हणायच्या, "लोकांच्या सुना सुईने शिवतात, आमची सुया वाटते. सोबत दोरा तरी देत जा गं."

"दोरा ओवायला माणूस शिल्लक राहायला हवा ना, आई," ताई म्हणायची. "म्हणून आधी सुई."

"बोलायला काही कमी नाही हो हिला!" सासूबाई म्हणायच्या, आणि डबा भरून हातात द्यायच्या.

खिडकीवर येणाऱ्यांत एक मुलगी होती. लहानखुरी, भिरभिरत्या डोळ्यांची, म्हणून सगळे तिला चिमणी म्हणत. एका इस्त्रीच्या दुकानात ती कपड्यांच्या घड्या घालायची. सुई परत आणायची तीसुद्धा कागदात गुंडाळून, चारही कोपरे नीट दुमडून. ताई म्हणायची, "अगं, डब्यात तर टाकायची आहे, आहेर करायचा नाहीये." चिमणी हसायची. तिचं रक्त तपासलं होतं आणि ते स्वच्छ निघालं होतं. ताईला त्याचा इतका आनंद, की दवाखान्याच्या साहेबांसमोर, घरी, जिथे तिथे तिचंच उदाहरण. कुणी म्हटलं, की काय उपयोग तुमच्या खिडकीचा, की ताई म्हणणार, एक मुलगी आहे बघा आमच्याकडे.

आणि पुढच्या तपासणीत चिमणीच्या रक्तात तो काविळीचा विषाणू निघाला. रक्तातून रक्तात जाणारा, गुपचूप यकृत पोखरणारा. आता त्यावर गोळ्या आहेत, नेमाने पुऱ्या केल्या तर माणूस बरा होतो. हे सगळं शांतपणे, आतल्या खोलीत बसवून सांगायचं असतं. ताईला ते पाठ होतं. पण त्या दिवशी सकाळीच साहेबांनी फोनवर तिची हजेरी घेतली होती, "सुया आमच्या, आजार तुमच्या माणसांचा, हिशेब लागत नाही," आणि तो राग तिच्या जिभेवर तसाच बसून होता. समोर फटीत चिमणीचा हात आला.

"काय गं, कुणाची घेतलीस?"

"काय कुणाची?"

"सुई! आणखी काय? तुझ्या रक्तात कावीळ निघालीय."

चिमणीचा हात फटीतच राहिला. "कुणाची नाही घेतली, ताई. आईची शपथ. दरवेळी तुमचीच नवी. पाकीट मी माझ्या हाताने फोडते."

"मग काय वाऱ्याने आला आजार? आईला कशाला मध्ये ओढतेस? रक्त खोटं बोलत नाही, बाई. माणूस बोलतो."

मागे रांग होती. हमाल होता, ट्रकचा क्लीनर होता, औषधाच्या चिठ्ठीसाठी चुकून या बाजूला आलेल्या दोन बायका होत्या. जिभेला हाड नसतं, पण आवाजाला तरी आवर हवा की नको? सगळ्यांनी ऐकलं.

चिमणीने घेतलेलं नवं पाकीट पुन्हा फटीतून आत सारलं. "रक्त बोलत नसेल खोटं. मीही नाही बोलत." आणि गेली.

दुसऱ्या दिवशी ती आली नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. ताई फटीत येणारा एकेक हात बघायची आणि चिडायची. पहिल्यांदा चिमणीवर, मग साहेबांवर, मग आपल्यावर. कारण नवी सुई मिळाली नाही तर ती आता खरंच कुणाचीही घेणार, आणि गोळ्या तर राहिल्याच. आजार झाला त्याचं औषध कपाटात पडून, आणि आजारी माणूस बेपत्ता! त्यात दवाखान्यातून आणखी निकाल आले. हमालाला तोच आजार, क्लीनरलाही तोच. दोघेही शपथेवर सांगत होते, सुई आपली आपणच वापरतो. ताईने हात टेकले. एवढी माणसं एकाच सुरात खोटं बोलतील?

शेवटी चिमटा आणि डबा घेऊन ती बंद पडलेल्या छापखान्याच्या मागे गेली. इकडेतिकडे पडलेल्या सुया वेचायला ती अधूनमधून जायचीच. भर दुपार होती. भिंतीच्या सावलीत चौघे बसले होते, त्यांत तो हमालही, आणि मधोमध मांडी घालून होता तराजू.

हा तराजू म्हणजे एका वाण्याच्या दुकानात वजनकाट्यावर आयुष्य काढलेला माणूस. नशेपायी दुकान सुटलं, घर सुटलं, माप काही सुटलं नाही. सगळ्यांनी मिळून आणलेली पुडी वाटायची झाली, की तराजूच हवा. त्याच्या हातून कुणाला थेंबभर कमी नाही, थेंबभर जास्त नाही. त्या जगात भांडणं सुऱ्यांवर जातात, म्हणून या माणसाला तिथे मान होता.

"या ताई, बसा. बघा तर खरं, तुमच्या नव्या सुयाच आहेत सगळ्यांकडे," तो म्हणाला.

खरंच होत्या. प्रत्येकाने आपलं पाकीट आपण फोडलं. आणि मग तराजूने खिशातून, फडक्यात गुंडाळलेली, स्वतःची एक जुनी सिरिंज काढली. झाकणात पाण्याने कालवलेली सगळी पुडी त्या सिरिंजमध्ये ओढून घेतली, आकडे डोळ्यांशी धरले, आणि एकेकाच्या नव्या सिरिंजमध्ये सारखं मोजून सोडलं.

ताई चिमटा टाकून पुढे धावली.

"थांबा! कुणी घेऊ नका. ही कुठली?"

"माझी. कुणाला देत नाही मी," तराजू अभिमानाने म्हणाला. "वाटून झालं की शेवटचा वाटा माझा. वाटणाऱ्याने शेवटी घ्यावं, तो न्याय आहे."

"याच सुईने?"

"मग? माझीच तर आहे."

"अरे देवा! आणि उद्या पुन्हा हिनेच वाटणार!"

"पाण्याने धुतो की."

आता ताईला सगळं उमगलं. सुई कुणी कुणाची टोचली नव्हती. शपथ खरी होती. पण तराजूचं रक्त रोज मापाबरोबर सगळ्यांना सारखं वाटलं जात होतं, थेंबभर कमी नाही, थेंबभर जास्त नाही.

"चिमणी यायची इथे?"

"यायची. पोर बिचारी, तिला कुणी फसवू नये म्हणून मी..." तराजूचं वाक्य अर्ध्यात थांबलं. एवढा वेळ तो ताईकडे बघत होता, आता हातातल्या सिरिंजकडे बघू लागला. हमाल सगळ्यांत आधी उठला. तराजूवर हात उगारणार तोच ताई मध्ये पडली. "त्याला माहीत होतं का रे? मला तरी कुठे माहीत होतं?"

मग तिचा राग फुटला. "नवी मिळते ना रोज? एक वाटायला घेतली असती तर काय बिघडलं असतं?"

"तुमच्या नव्यांचे आकडे टिकतात का?" तराजूही आता चिडला. "ओल्या बोटाला शाई लागते आणि पुसून जातात. निम्म्या वाटणीत सिरिंज कोरी! आकड्याशिवाय काय वाटू, डोंबल? मग मारामाऱ्या होतात. या जुनीचे आकडे पक्के आहेत, म्हणून जपली."

ताईने पिशवीतली एक नवी काढली, आकड्यांवरून ओला अंगठा फिरवला. शाई अंगठ्यावर आली. इतके दिवस शेकड्याने सुया तिच्या हातून गेल्या होत्या, आणि एकदाही तिने असा अंगठा फिरवून बघितला नव्हता.

तिने तिथूनच साहेबांना फोन लावला. साहेब म्हणाले, "आकडे? त्यांना आकडे कशाला हवेत? आज आकडे मागतात, उद्या वजनकाटा मागतील."

"साहेब, आजार त्यातूनच पसरतोय."

"लेखी कळवा. जुना साठा संपल्याशिवाय नवी खरेदी होत नाही." फोन बंद. पालथ्या घड्यावर पाणी!

कोपऱ्यावरच्या वह्या-पुस्तकांच्या दुकानातून ताईने पारदर्शक चिकटपट्टी आणली. नव्या सिरिंजच्या आकड्यांवर बाहेरून एक पट्टी चिकटवली, ओला अंगठा घासला. आकडे जागेवर. एवढ्याशा पट्टीवाचून किती यकृतं नासली, या विचाराने तिला रडावं की कुणाचा गळा धरावा कळेना.

"ही फक्त वाटणीची," तिने तराजूला बजावलं. "कुणाच्याही अंगाला लावायची नाही, तुझ्याही नाही. वाटून झालं की डब्यात. पाणी नवं, झाकण नवं. ती जुनी दे इकडे. एकाला एक."

तराजूने जुनी सिरिंज डब्यावर धरली, पण सोडवेना त्याला. "ताई, हिच्यामुळे मला लोक माणूस समजतात."

"तुझ्या हातामुळे समजतात. हिच्यामुळे नाही. टाक."

डब्यात टाकली त्याने. मग शर्टाची बाही वर केली. "माझं रक्त कधी तपासलं नाही. मी कुणाची घेत नव्हतो ना, म्हटलं मला काय होणार?" तपासलं. विषाणू होता. कधीपासून, ते देवालाच ठाऊक. गोळ्यांचं पाकीट हातात घेऊन तो म्हणाला, "आधी चिमणीला द्या. मी नंतर."

"वेडा आहेस का? दोघांनाही आहेत गोळ्या. तू तुझ्या सुरू कर."

"मग तिला शोधू तरी."

दोघे मिळून शोधू लागले. तराजूने पूल, गोदामं, मोडके जिने पालथे घातले. ताई स्वतः इस्त्रीच्या दुकानात गेली. दुकानवाल्या काकू वाफेच्या इस्त्रीमागून बघतही नव्हत्या.

"गेली ती. काढून टाकली."

"का? काम वाईट होतं का तिचं?"

"काम सोन्यासारखं! अशी घडी आता कुणी घालत नाही माझ्याकडे. पण गिऱ्हाइकं म्हणाली, आजारी मुलीच्या हातचे कपडे नकोत. दोन बायका दवाखान्यातून ऐकून आल्या होत्या. तिथली कुणी सिस्टर म्हणे खिडकीतून ओरडून सांगत होती."

ताईला वाटलं, भुईने पोटात घ्यावं. "हा आजार कपड्यांनी होत नाही, काकू. हाताला हात लागून होत नाही. आणि ती मुलगी खरं बोलत होती. ती सिस्टर मीच."

काकूंनी इस्त्री आडवी ठेवली, आणि चटका लागायच्या आत पुन्हा उचलली. "मग हे त्या दिवशी का नाही ओरडलात?"

ताईने दुकानाच्या दारात उभं राहून, आलेल्या प्रत्येक गिऱ्हाइकाला ते सांगितलं. कुणी ऐकलं, कुणी वेडी म्हणून बाजूने निघून गेलं. काकू शेवटी म्हणाल्या, "आली तर पाठवा. जागा आहे." पण आली तर ना!

साहेबांकडे लेखी कळवून झालं. उत्तर नाही. चिकटपट्टीचे पैसे ताई पदरचे घालते. तराजू नेमाने गोळ्या घेतो आणि वाटणीची सुई नेमाने परत आणतो, आणि दरवेळी फटीत हात घालण्याआधी विचारतो, "आली का?" ताई मान हलवते, आणि पुढचा हात आत येतो.

तेव्हा ऐकणाऱ्यांनो, तुमच्याकडे एवढंच मागणं. कुठल्या जिन्याखाली, कुठल्या आडोशाला एक लहानखुरी मुलगी दिसली, हातातला साधा कागदसुद्धा कोपऱ्याला कोपरा जुळवून दुमडणारी, तर तिला हटकू नका. जवळ जाऊन हळूच सांगा, की ताईला कळलंय, तू खरं बोललीस. गोळ्या ठेवल्या आहेत. आणि नाहीच दिसली, तर रात्री देवापुढे हात जोडाल तेव्हा आपल्या माणसांच्या नावांमागे तिलाही घ्या. नाव माहीत नसलं तरी चालेल. चिमणी म्हणा.