आधी रेडिओ बारीक करा

फोन करणाऱ्या प्रत्येकाला मी पहिलं वाक्य तेच ऐकवतो: आधी रेडिओ बारीक करा. कॅन्ससमधल्या सलायना शहरातून गेली बावीस वर्षं मी रोज सकाळी बोलतो आहे, आणि तरी एवढी साधी गोष्ट लोकांच्या डोक्यात शिरत नाही. मी बोललेलं घराघरात काही सेकंद उशिरा पोचतं. कुणी तापून शिवी हासडलीच तर ती मधल्यामध्ये कापता यावी म्हणून ही सोय असते. त्यामुळे घरचा रेडिओ मोठा ठेवून फोन करणाऱ्याच्या एका कानात मी असतो आणि दुसऱ्या कानात मघाचा मी, आणि तो बिचारा वाक्य अर्धवट सोडून स्वतःच्याच घरात वाट चुकतो.

माझं नाव गारलंड प्रुइट. कर कमी असावेत, सरकारने माणसाच्या तळ्यात, शाळेत आणि बंदुकीच्या कपाटात नाक खुपसू नये, रविवारी चर्चला जावं आणि दिलेला शब्द पाळावा, असं मी सांगतो. मधेमधे गाद्यांच्या आणि तिजोऱ्यांच्या जाहिराती त्याच आवाजात वाचतो. शहाणी माणसं मला तोंडाळ म्हणतात. म्हणोत बापडी. धान्याच्या कोठारावर सकाळची कॉफी घेणारे लोक मला आपला म्हणतात, आणि मला तेवढं पुरे होतं.

लोरीन मला याच फोनवर भेटली. ती शाळेच्या खानावळीत स्वयंपाक करायची, आणि शाळेसाठी वाढवलेल्या करावर मी तोंडसुख घेत असताना तिचा फोन आला.

"तुम्ही कधी भुकेल्या पोरांच्या रांगेला वाढलंय का हो? वाढा एकदा, मग बोला."

"बाई, आधी रेडिओ बारीक करा."

"नाही करणार. तुम्ही किती बोलता ते तुम्हालाही कळू दे की."

मी हसलो, माझ्याबरोबर अख्खं शहर हसलं, आणि पुढच्या वसंतात आमचं लग्न झालं. तिचं प्रेम आधी माझ्या आवाजावर बसलं, माझ्यावर नंतर. हे मला ठाऊक होतं आणि त्याचं मला कधी वाईट वाटलं नाही, कारण आवाज माझाच होता. दुपारी मी घरी यायचो तेव्हा मात्र घसा कोरडा पडलेला असायचा, आणि तिच्या प्रश्नांना हुंकाराखेरीज उत्तर निघायचं नाही. ताटात गरम बिएरॉक ठेवता ठेवता ती म्हणायची, "रेडिओवरचाच बरा असतोस तू." खिमा आणि कोबी भरलेला तो पाव खात मी मान डोलवायचो. थट्टाच होती ती.

ऑक्टोबरात बेलॉइट गावाहून डेल रकल नावाच्या म्हाताऱ्याचा फोन आला. जन्मभर त्याने घरोघर गॅसच्या टाक्या पोचवल्या होत्या. घराचं सरकारी मोल वाढवलंय, कर झेपत नाही, घर विकावं म्हणतो, असं तो सांगत होता, आणि त्याच्या मागे, नेहमीप्रमाणे, माझा आवाज चालू होता. मोल ठरवणाऱ्या खात्यातल्या लोकांची सालटी काढायला मी तोंड उघडलं, तेवढ्यात मागचा आवाज शांतपणे म्हणाला, "घाई करू नकोस, डेल. ज्या खोलीत बायको गेली, त्या खोलीचं मोल त्यांच्या तक्त्यात नसतं."

हे मी बोललो नव्हतो. त्याची बायको गेली आहे हेही मला माहीत नव्हतं.

डेलने नाक ओढलं. "बरोबर बोललास बघ, गारलंड. देव तुझं भलं करो."

काचेपलीकडे ट्वायला बसते, ती फोन घेते आणि यंत्रं सांभाळते. जाहिराती लागल्यावर मी तिला विचारलं, हे कोण बोललं.

"तुम्हीच की," ती म्हणाली. "आज फार छान बोललात. मला तर रडूच आलं."

त्यानंतर ते थांबलं नाही. कुठल्याही गावातून, कुणाच्याही स्वयंपाकघरातून, फोन करणाऱ्याच्या मागून तो माझ्याआधी बोलायचा. माझी मतं त्याला पाठ होती, पण ती तो माझ्यापेक्षा चांगली मांडायचा. मी जिथे ओरडलो असतो तिथे तो थांबायचा. चर्चच्या दारात लोक माझा हात हातात घेऊन मी न सांगितलेल्या गोष्टींबद्दल आभार मानू लागले, आणि मी मूग गिळून ते स्वीकारले. डॅलसच्या एका कंपनीने माझा कार्यक्रम टेक्सासपासून डकोटापर्यंत ऐकवायचा करार पुढे केला. बावीस वर्षं मी त्याची वाट पाहिली होती. मी सही केली, आणि कागद खणात टाकून दिला. खरं सांगायचं तर मला भीती वाटली नव्हती. माझा जळफळाट होत होता. घसा मी झिजवायचा आणि आयत्या बिळावर हा नागोबा.

एकदा बातम्या चालू असताना मी घरी फोन लावला. त्या वेळी माझा आवाज कुठेच असायला नको होता. लोरीनने फोन उचलला तो हसत हसत, आणि तिच्या मागे मी बोलत होतो, हळू, कुणी शेजारी बसून बोलावं तसा.

"काय ऐकतेस?"

"थांब जरा. तो हिरव्या कोटाचं सांगतोय."

आमच्या पहिल्या हिवाळ्यात ती हिरवा कोट घालायची. मला तो आत्ता आठवला.

"तो कोण?"

"तू, दुसरं कोण?" ती म्हणाली. "किती दिवसांनी बोललास रे असा."

"लोरीन, रेडिओ बारीक कर."

तिने फोन ठेवला.

त्या रात्री जेवताना मी हिरव्या कोटाचा विषय काढला. नीट जमवून काढला होता. तिने ऐकून घेतलं, आणि ऐकलेलीच गोष्ट पुन्हा सांगणाऱ्या म्हाताऱ्याकडे पाहावं तशी माझ्याकडे पाहून हसली. तेव्हा मला कळलं की करार, टेक्सास, डकोटा सगळं त्याने नेलं तरी चालेल, पण ही बाई मी त्याला देणार नाही.

दुसऱ्या दिवशी कार्यक्रम रंगात असतानाच मी कानावरचे हेडफोन उतरवले. ट्वायलाला म्हटलं, बरं नाही, जुनं काहीतरी लाव. तिने मान वळवली नाही. ती काचेतून माझ्या खुर्चीकडे बघत नुसती हसत होती. मी गाडी काढली. गाडीतला रेडिओ मी लावला नाही. सिग्नलला शेजारच्या ट्रकमधून माझा आवाज येत होता.

घराचं मागचं दार उघडंच होतं. ओट्यावर कणीक मळून झाकून ठेवलेली, फडताळावर रेडिओ, आणि लोरीन खुर्चीत बसून भिंतीवरच्या फोनचा रिसीव्हर कानाशी धरून बोलत होती. तिच्या चेहऱ्यावर तेव्हाचा रंग होता, पहिल्या फोनच्या दिवसांतला.

"नाही, मी रोजच ऐकते," ती फोनमध्ये म्हणाली. "फोन मात्र फार वर्षांनी केला."

"लोरीन," मी म्हणालो. "मी आलोय. ठेव तो फोन."

माझा आवाज घोगरा आणि बसका निघाला. तिने मान वळवून माझ्याकडे पाहिलं, राग नव्हता, ओळखही फारशी नव्हती. काही सेकंद गेले. मग फडताळावरच्या रेडिओतून, दुरून, कुणाच्या तरी मागून आल्यासारखं ऐकू आलं: लोरीन, मी आलोय. ठेव तो फोन.

आणि त्यावर तो, माझ्या चांगल्या आवाजात, हसून म्हणाला, "लोरीन, तुझ्यामागे काहीतरी चालू आहे. ते जरा बारीक कर, म्हणजे आपल्याला बोलता येईल."

"हो, करते," ती म्हणाली.

ती उठली. रेडिओकडे तिने पाहिलंही नाही. रिसीव्हर कानाशी तसाच धरून, मोकळा हात पुढे करून, ती माझ्याकडे आली.