चिरगाँवचा समुद्र

झाशीजवळच्या चिरगाँवात कुसुमावती म्हशींचं शेण भरत होती. तेवढ्यात तहसिलीचा माणूस आला, गोठ्याच्या दाराला कागद चिकटवला आणि पाणीसुद्धा न पिता निघून गेला. हात धुऊन तिनं नवऱ्याला हाक मारली. जयसिंगनं कागद वाचला, मग पुन्हा वाचला. समुद्रकिनाऱ्यालगत विनापरवाना बांधलेला गोठा महिनाभरात पाडावा, असा हुकूम होता.

"समुद्र? चिरगाँवात?" तो म्हणाला. "भांग पिऊन लिवलंय का काय?"

कुसुमावतीला मात्र घाम फुटला. समुद्र कुठून आला हे तिला पक्कं ठाऊक होतं.

जयसिंगचे पूर्वज कोकणातल्या आरमारातले. फौजेबरोबर बुंदेलखंडात आले नि इथलेच झाले. होड्या गेल्या, वल्ही गेली, पण नारळी पौर्णिमा काही सुटली नाही. घरची सून दर श्रावणात झाशीहून नारळ आणवायची आणि सागराचा म्हणून गोठ्यामागच्या तळ्यात सोडायची. यंदा नेमका त्याच दिवशी लेखपाल, म्हणजे इकडचा तलाठी, मोजणीला उगवला. "किसकी पूजा है, अम्मा?" त्यानं विचारलं. देवाच्या कामात खोटं कसं बोलायचं? "समुद्र की, भैया," ती म्हणाली. पठ्ठ्यानं नारळीभात चापून खाल्ला आणि तळ्याच्या जागी समुद्र लिहून मोकळा झाला. वरच्या साहेबांनी समुद्र पाहिला नि समुद्राचा कायदा लावला.

थंडी तोंडावर आली होती आणि दोन्ही म्हशी गाभण होत्या. तो गोठा तिनं स्वतः डोक्यावर विटा वाहून उभा केला होता. नवरा-बायको झाशीत ओरछा गेटला यज्ञेश्वर वकिलांकडे गेले. नात्याचे नव्हेत, पण मराठी म्हणून आपले.

"सोपं आहे हो वहिनी," वकील म्हणाले. "कोर्टात एवढंच सांगा, तिथं समुद्र नाही."

"आन् सासूबाईंनी मरताना ओटीत नारळ घातला, तो काय डबक्यासाठी?"

"गोठा वाचवायचा आहे ना?"

 रात्रभर तिच्या डोळ्याला डोळा लागला नाही.

कोर्टात सरकारी वकील ताठ उभा राहिला. लेखपालानं पूजा पाहिली, प्रसाद खाल्ला. समुद्र नव्हता तर प्रसाद कसला, असं त्याचं म्हणणं. जजसाहेबांनी कपाळ चोळलं.

"माताजी, वहाँ समुद्र है या नहीं?"

यज्ञेश्वर मान हलवून नाही म्हणून खुणावत होते. कुसुमावतीला म्हशी आठवल्या, सासू आठवली. 

"है साहब," ती म्हणाली. "हमारे घर का है."

यज्ञेश्वरांनी डोळे मिटले.

"उसका पानी चढ़ता-उतरता है?"

"हमने तो नहीं देखा जी. हमारा वाला सीधा है."

तसे यज्ञेश्वर ताडकन उठले. कायद्यात अंतर भरतीच्या रेषेपासून मोजतात, ते म्हणाले. सरकारनं आधी रेषा दाखवावी, मग खुशाल गोठा पाडावा. सरकारी वकिलानं पुस्तक चाळलं, तर खरंच तसं होतं. भरतीची रेषा पाहून ठरवावी, तोवर गोठ्याला हात लावू नये, असा हुकूम झाला.

भरती पाहायला हरदयाल नावाचा शिपाई नेमला गेला. रंगवलेली काठी तळ्यात रोवून तो काठावर खुर्ची टाकून बसायचा. म्हशी व्यायल्या तेव्हा त्यानं खरवस खाल्ला. जेठाच्या उन्हात तळं आटलं, म्हशी समुद्राच्या मधोमध जाऊन बसू लागल्या, तरी हरदयाल जागचा हलला नाही. कुसुमावती त्याला रोज ताक द्यायची. बसल्या बसल्या त्यानं पोरीचं लग्नसुद्धा ठरवलं.

पुन्हा नारळी पौर्णिमा आली. पावसानं तळं काठोकाठ भरलं होतं. कुसुमावती नारळ घेऊन उभी राहिली.

"काय अम्मा," हरदयालनं हळूच विचारलं, "जो पानी चढ़ गओ तो?"

"तो मेरा गोठा जाएगा, और तेरी नौकरी."

हरदयालनं चपला काढल्या. काठावर उकिडवा बसून त्यानं नारळाला तिच्याबरोबर हात लावला नि डोळे मिटले.

"समुद्र महाराज," तो पुटपुटला, "ऐसई सीधे बने रइयो."