झाडपाणी पक्षाचा कर्णा

मित्रांनो, मी एक जुना कर्णा आहे. पत्र्याचा, पोचे पडलेला, कडेला गंज चढलेला. माझ्यात वायर नाही, बॅटरी नाही. बारीक तोंडाला ओठ लावायचे आणि छातीत असेल तेवढं बोलायचं. ते मी रुंद तोंडाने चौपट करून सोडतो. एवढीच माझी विद्या. पण जुना म्हणून माझ्यासाठी हळहळू नका. ज्या पक्षाचा मी कर्णा होतो त्याचा एकही उमेदवार कधी निवडून आला नाही, तरी मी मान खाली घालून बोलणार नाही.

माझा जन्म चौऱ्याऐंशी सालचा, जोगेश्वरीचा. मला घडवणारा काशीराम आधी गिरणीत होता. संपात गिरणी सुटली आणि तो गुंफांच्या वाटेवर बादल्यांना बूड बसवत बसला. राहायला मात्र मालाडच्या पश्चिमेला, खाडीजवळच्या चाळीत. त्याने गोडेतेलाचा रिकामा डबा कापला, ठोकला, वळवला, सांध्याला डाख लावला. मग मला तोंड लावून एक आरोळी ठोकली. समोरच्या झाडावरचे कावळे उडाले.

"गिरणीचो भोंगो बंद पडलो," तो म्हणाला, "आता ह्यो माझो भोंगो. बघूया कोण बंद करता तो!"

काशीरामला कर्णा कशाला हवा होता? त्याच्या चाळीमागे खाडीचा एक फाटा होता आणि फाट्यात तिवरांचं रान. भरतीचं पाणी तिवरांत शिरायचं, थोडं राहायचं, परत जायचं. मग एका बिल्डरने डेब्रिजचे ट्रक आणून फाट्यावर बांध घालायला घेतला. पाणी अडलं की तिवरं सुकणार, तिवरं सुकली की जमीन मोकळी. बांध पुढे सरकला तसं पावसाचं पाणी चाळीत शिरू लागलं. काशीरामच्या घरात दोन पावसाळे पाट तरंगले.

चाळीतच विद्याधर मास्तर राहत. शाळेत भूगोल शिकवत. खाडीपलीकडे मनोरीला मंजुळा राहायची. ती त्याच तिवरांत चिंबोऱ्या धरायची आणि बाजारात विकायची. नगरसेवकाच्या दारात हेलपाटे घालून दमलेले हे तिघे आणि आणखी आठजण चाळीच्या ओट्यावर जमले आणि त्यांनी पक्ष काढला. नाव ठेवलं झाडपाणी पक्ष. अकरा माणसं आणि बारावा मी.

पंच्याऐंशीला महापालिकेची निवडणूक लागली. खाडीचे दोन्ही काठ एकाच वॉर्डात होते. मंजुळा उभी राहिली. पक्षाला झाडाचं चिन्ह हवं होतं; मिळाली शिडी. नाक्यावरची पोरं हसली.

"काय गं मावशी, शिडी कशाला? झाडं तोडायला?"

मंजुळाने मला तोंडाला लावलं. "नाय रे बाला! वर चढून बसलेत ना, त्यांना खाली उतरवाला!"

त्या दिवसापासून भाषण मंजुळाचंच. ती आधी म्हणाली होती, "मास्तर, मना भाषान येत नाय. मना हाक मारता येतं." हाकच तर हवी होती! मासळीबाजारात कमावलेला तो आवाज माझ्यातून निघाला की गच्चीवरच्या बायका वाळवण सोडून कठड्याशी यायच्या. आणि शेवटी ती ओवी म्हणायची:

खाडीबाईचा पदर, हिरवा गो तिवराचा,
पदराला हात घाली, तो कोन कुठल्या घरचा?

मित्रांनो, त्या वेळी माझा पत्रा नुसता थरथरायचा.

मतं पडली दोनशे तेरा. जिंकलेल्यांच्या मिरवणुकीत कोणीतरी माझ्या तोंडात गुलाल कोंबला. काशीरामने मला उलटं करून झटकलं. "दोनशे तेरा माणसांका ऐकाक गेला," तो म्हणाला. "आता बाकीच्यांका सांगूया."

दोन वर्षं आम्ही तेच केलं. रविवारी मी गल्लीगल्लीत फिरलो. जोगेश्वरीपासून मार्व्याच्या धक्क्यापर्यंत लोक मला ओळखू लागले. "झाडपाणी आले रे!" अशी आरोळी उठायची. तेवढ्यात नगरसेवक वारले आणि सत्त्याऐंशीच्या थंडीत पोटनिवडणूक लागली. बांध आता जवळजवळ पुरा झाला होता. मधे फक्त एक खिंड उरली होती, दोन ट्रक जातील एवढी. तिच्यातून पाणी तिवरांत जात होतं. निवडणुकीपुरतं काम थांबलं होतं. समोरचा उमेदवार बिल्डरचाच माणूस. तो आला की खिंड बुजणार हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं.

या वेळी वारं आमच्या बाजूचं होतं. पण मनोरीच्या पाच नावा अमावास्येच्या उधाणाला समुद्रात निघाल्या होत्या. एकेका नावेवर सातजण. पाचही नावांचा म्होरक्या मंजुळाचा नवरा, हरेश्वर तांडेल. मंजुळा म्हणाली, "मास्तर, दर्यात तारखेला कोन इचारतो? आमच्या मानसांना तिथी सांगा."

मास्तरांनी भिंतीवरची दिनदर्शिका पाहिली आणि किनाऱ्यावर उभं राहून माझ्यातून ओरडून सांगितलं, "हरेश्वर, मतदान अष्टमीला! अष्टमीच्या सकाळी परत या!"

"येतो, मास्तर!" हरेश्वर नावेवरून ओरडला. "अष्टमीला भांगाचं पानी, जोर नसलेलं, तवा जालं टाकून तरी काय करनार?"

नावा गेल्या. मतदानाचा दिवस उजाडला. दुपार झाली. मंजुळा धक्क्यावर उभी होती. एकही डोलकाठी दिसेना. संध्याकाळी पाचला पेट्यांना सील लागलं.

नावा आल्या दुसऱ्या दिवशी पहाटे. पस्तीस माणसं आंघोळ करून, कपाळाला गंध लावून, मत द्यायला उतरली.

चूक काय झाली, ऐका. त्या पंधरवड्यात षष्ठीचा क्षय होता. पंचमीनंतर लगेच सप्तमी आली होती. दिनदर्शिकेत ते बारीक अक्षरांत छापलेलं होतं आणि मास्तरांनी वाचलंही होतं. पण दर्यात दिनदर्शिका नसते. हरेश्वर रोज एक बोट दुमडत होता, पंचमी, षष्ठी, सप्तमी. त्याची अष्टमी एक दिवस उशिरा आली. तिथी सांगायची ही युक्ती मंजुळाची, बारीक अक्षर न सांगण्याची चूक मास्तरांची. पण ती बाहेर पडली माझ्याच तोंडून.

दुपारी निकाल लागला. आम्ही चौदा मतांनी हरलो.

मास्तर ओट्यावर बसून रडले. "मी भूगोल शिकवतो," ते म्हणाले, "आणि मला दिवस मोजता आला नाही."

"रडा नंतर," मंजुळा म्हणाली. "ट्रक आलेत."

खरंच आले होते. गुलाल वाळला नव्हता, तोवर बांधावर ट्रकांची रांग लागली. मंजुळा मला घेऊन खिंडीच्या काठावर चढली. तिने भाषण केलं नाही. खाडीकडे तोंड करून नुसती हाक मारली, "हरेश्वराऽऽ! नावा घेऊन ये!"

मी तेवढा जोरात पुन्हा कधी वाजलो नाही.

भरती होती, पण भांगाची, अंगात जोर नसलेली. पाच नावा फाट्यात शिरल्या. पाणी पुरेना, तेव्हा पस्तीस माणसं कमरेइतक्या चिखलात उतरली आणि त्यांनी नावा ढकलत खिंडीत आणून एकीला एक बांधल्या. चाळीतल्या बायका दोरांना लागल्या. काशीराम लागला. मास्तर धोतर खोचून चिखलात उतरले. मग ओहोटी लागली आणि पाचही नावा चिखलात बसल्या.

ट्रकवाला खाली उतरला. "ए, काढा त्या होड्या!"

"काढतो ना," हरेश्वर चिखल पुसत म्हणाला. "पुढचं उधान येऊ दे. त्याच्याआधी देवाला पन निघनार नाय."

पुढचं उधाण आलं, पण नावा कोणी हलवल्या नाहीत. त्या महिन्याची सगळी मासळी पाच घरांनी सोडली. पोलीस आले, साहेब आले, वर्तमानपत्रवाले फोटो काढून गेले. मास्तरांनी वकील गाठला. महिन्याभराने कोर्टाचा मनाई हुकूम आला आणि मगच नावा निघाल्या. खिंड तशीच राहिली. तिवरांत पाणी येतंच आहे.

आणि पक्ष? पक्ष विरला, मित्रांनो. मास्तरांची दूरच्या शाळेत बदली झाली. काशीरामचे गुडघे धरले. मंजुळाला मोठ्या पक्षाने बोलावलं, ती म्हणाली, "तुमच्याकडं माइक हाय. मना कर्ना लागतो," आणि गेली नाही. मी तिच्याच घरी राहिलो. आता एकोणनव्वद सरत आलं. हरेश्वर मला उलटा धरून इंजिनात डिझेल ओततो. कर्ण्याचं नरसाळं झालं. तोंडाला सतत रॉकेलसारखी चव असते. सुरुवातीला मला फार लागलं. ज्या तोंडातून ओवी गेली त्यातून तेल!

पण मला कोणी कपाटात मांडून ठेवावं, पॉलिश करावं, अशी माझी मुळीच इच्छा नाही. हरलेल्यांची आठवण म्हणून तर नाहीच नाही. आम्ही मतपेटीत हरलो. खिंडीत हरलो नाही.

मला जपायचं असेल तर एकच करा. तुमच्या घरामागे डबकं असेल, ओढा असेल, चार झाडं असतील, तिकडे एखादा ट्रक वळताना दिसला की मोठी माणसं येण्याची वाट बघू नका. माझं तोंड फडक्याने पुसा. वास येईल, येऊ दे. ओठ लावा आणि हाक मारा. मतदानाला वय लागतं, हाकेला लागत नाही. माझा सांधा अजून पक्का आहे.