चांदीला सांगितलेलं

"बंद कर ते! आगं, बंद कर!" बानाबाईने पदर तोंडाला लावला. "म्या मेंढीशी बोलत व्हते. तू कशाला ऐकलंस?"

नीमाने लॅपटॉपमधला आवाज थांबवला. टांझानियातून संभाजीनगरला सिनेमा शिकायला आलेली ही पोरगी, एवढ्यात मराठीही बऱ्यापैकी शिकली होती. करमाडच्या माळावर कारखाने आले तरी मेंढरं न सोडणारी म्हातारी, असा तिचा सिनेमा ठरला होता. सामाजिक सिनेमा करणाऱ्याला अशी म्हातारी भेटली की देवच पावतो! पण बानाबाईच्या झंपरला लावलेला माईक काढायचा राहून गेला. रानात दिवसभर एकटी असणारी बाई आपल्या लाडक्या मेंढीशी, चांदीशी, सगळं बोलायची, तेच त्यात आलं. 'गुडघे गेले गं माझे. इकून टाकावं वाटतं तुम्हाला. पण माझ्या लेकाला, बिभीषणाला कसं सांगू? बापाची आठवण म्हणून जपतोय तो.'

हे ठेवलं तर नीमाची गोष्ट उलटी होत होती आणि गाळलं तर खोटी. तिच्या गावी आजीच्या शेळ्यांवरही कुणीतरी असाच सिनेमा केला होता. आजी त्यात मोठी शूर दिसली, पण तिला स्वतःला काय हवंय हे कुणी विचारलंच नव्हतं. तो राग नीमाच्या मनातून गेला नव्हता.

"आजी, तुम्ही म्हणाल तर पुसते. सिनेमा नाही झाला तरी चालेल."

बानाबाईने तोंडावरचा पदर काढला.

"पुसू नको. बिभीषणाला हाक मार. माझ्या तोंडून निघायचं नाय. तूच ऐकव त्याला."

बिभीषणाने उभ्याउभ्या सगळं ऐकलं आणि मटकन ओट्यावर बसला. आता हा चिडणार, असं नीमाला वाटलं.

"आये, शेंद्र्याच्या कंपनीतलं काम म्या सोडलं ते कुणापायी? तुझा जीव मेंढरात हाय म्हणून!"

"आन म्या तुझ्यापायी पाय वढीत फिरले व्हय रं, मुडद्या!"

दोघं एकमेकांकडे बघत राहिले आणि मग बानाबाईला असं काही हसू फुटलं की डोळ्यांतून पाणी आलं. नीमाचा जीव भांड्यात पडला. ठरवलेल्या सिनेमावर पाणी पडलं होतं, तरी तिला कितीतरी हलकं वाटत होतं.

हर्सूलकडच्या नात्यातल्याच एका धनगराने मेंढरं विकत घेतली. न्यायच्या सकाळी टेम्पो आला, पण चांदी काही चढेना आणि ती चढेना म्हणून बाकीचीही हटून बसली. माणसं कान धरून ओढू लागली.

"वढू नका तिला," बानाबाई म्हणाली.

बिभीषणाच्या खांद्यावर भार देत ती स्वतः टेम्पोत चढली आणि रोजच्याच आवाजात तिने चांदीला बोलावलं. चांदी लगेच वर आली. तिच्यामागून सगळी आली. फळी लावायला माणूस पुढे झाला, पण बानाबाई उतरेना. ती मेंढरांच्या मधोमध खाली बसली होती. माणूस फळी तशीच धरून उभा राहिला.

"बिभीषणा," थोड्या वेळाने ती आतून म्हणाली, "हात दे रं."